तांबड्याच्या मानेवरची निळी फीत

नरमंदाखच्या पत्राला गोन्चिगने उत्तर दिले नाही. विसरला म्हणून नव्हे. पत्र आले त्या दिवसापासून ते गेरमधल्या, म्हणजे लोकरीच्या गोल तंबूतल्या, रंगीत पेटीवर, देवाच्या तसबिरीमागे खोचलेले होते. रोज सकाळी चहाची पहिली वाटी देवापुढे ठेवताना पत्राचा पांढरा कोपरा त्याच्या नजरेस पडायचा आणि तो नजर वळवायचा. सगळा हिवाळा त्याने नजर वळवण्यात काढला.

पत्र अवघड असते तर गोष्ट वेगळी होती. पण इतके सोपे पत्र त्याला आयुष्यात कुणी लिहिले नव्हते. नरमंदाख त्याच्याच शाळेतली मुलगी. तो शिक्षक नव्हता, वाचनालयाची किल्ली तेवढी त्याच्याकडे असायची. पण मुले सरसकट गुरुजी म्हणायची, आणि मी गुरुजी नाही हे सांगण्याचे धाडस निवृत्त होईपर्यंत त्याला झाले नाही. आता ती शहरात शिकून परत आली होती आणि डोंगरापलीकडच्या अभयारण्यातले रानघोडे तिच्या हवाली होते.

"गुरुजी," तिने लिहिले होते, "तुमच्या तांबड्यानं आमच्या म्हाताऱ्या तखीला फोडून काढलं आणि त्याच्या तिन्ही घोड्या ताब्यात घेतल्या. तिघीही गाभण आहेत. वसंतात शिंगरं होतील ती म्हाताऱ्याची, आणि तांबडा ती जिवंत ठेवणार नाही. हे मी तुम्हाला काय सांगायचं? नियम असा आहे की असल्या घोड्याला गोळी घालायची. पण त्याच्या मानेवर तुमची फीत आहे, म्हणून माझा एकही माणूस बंदुकीला हात लावत नाही, फासही टाकत नाही. ज्यानं बांधली त्यानंच सोडायची असते. तुम्ही सोडा. मी त्याला नदीपलीकडे नेऊन ठेवीन, तिथं तो सुखानं जगेल. मला मोठं उत्तर नको. नुसतं हो लिहा, मी ट्रक घेऊन येते."

तखी म्हणजे पाठीवर कधीही माणूस न बसलेला घोडा. वाळल्या गवताच्या रंगाचा, उभ्या आखूड आयाळीचा, तोंडाशी पिठात बुडवल्यासारखा पांढरा. गोन्चिगच्या लहानपणीच ते या मुलखातून संपले होते. पुढे परदेशातल्या पिंजऱ्यांतून त्यांची नातवंडे-पतवंडे विमानाने परत आली, तेव्हा सगळे खोरे दूध शिंपडायला गोळा झाले होते. गोन्चिग मागे उभा होता. पेटीचे दार उघडल्यावर पहिली घोडी बाहेर आली आणि तिने खाली वाकून माती हुंगली, एवढेच त्याला लोकांच्या टोप्यांमधून दिसले. घरी येऊन तो त्या रात्री जेवला नव्हता.

आणि त्याच तखींच्या मुळावर त्याचा घोडा उठला होता.

तांबडा खरे तर त्याची बायको त्सेवेलमा हिच्या बापाच्या कळपातला. गोन्चिगला घोड्यातले फारसे कळत नसे. खोगिरात तो पोते ठेवल्यासारखा बसतो, हे त्सेवेलमा चारचौघांत सांगायची आणि चारचौघे हसायचे, तोही हसायचा. ती मात्र तरुणपणी फासकाठी घेऊन निघाली की पुरुष वाट सोडायचे. तांबडा जन्मला तेव्हा बर्फात तिने त्याला आपल्या अंगरख्यात घेतले होते.

अभयारण्याच्या हद्दीजवळ राहणाऱ्यांनी आपले वळू घोडे खच्ची करावेत, नाहीतर दूर न्यावेत, असे सरकारी माणसे सांगून गेली. गोन्चिगने त्यांच्यासमोर मान डोलावली. घरी त्सेवेलमा म्हणाली, तांबड्याला सुरी लावलीस तर मी आधी तुला लावीन. तिच्यासमोरही त्याने मान डोलावली. ही दोन डोलावणी कशी निस्तरायची या विचारात असतानाच त्सेवेलमा आजारी पडली. डोळे पिवळे झाले, उजव्या कुशीत दुखायला लागले, डॉक्टरांनी यकृताचे नाव काढले आणि मग बोलायचे थांबले.

लामा आला. त्याने सांगितले, तिच्या जिवाला जवळचे एक जनावर देवाला सोडा. मानेत फीत बांधा. मग त्याला कुणी फास टाकायचा नाही, खोगीर घालायचे नाही, विकायचे नाही, कापायचे नाही. ते मोकळे जगेल तोवर ती जगेल. कुठले जनावर सोडता?

"तांबडा," गोन्चिग चटकन म्हणाला.

सगळ्यांनी त्याच्याकडे आदराने पाहिले. एवढा देखणा घोडा! पण तो शब्द तोंडातून निघताना त्याच्या मनात आणखी एक गोष्ट येऊन गेली होती: देवाला सोडलेला घोडा खच्ची करता येत नाही, म्हणजे आता कुणाशीच भांडायला नको. पुढे त्सेवेलमा बरी झाली. उठून बसली, शिव्या द्यायला लागली. फीत बांधताना गाठ नेमकी कुठल्या विचाराने मारली गेली, बायकोच्या की सुटकेच्या, हे त्याला आजतागायत ठरवता आले नव्हते. आणि गाठ कसली आहे हेच माहीत नसेल तर ती सोडायची तरी कशी?

पत्र आल्यावर त्याने पुस्तके काढली. एका जुन्या पोथीत होते की, त्याच रंगाचा दुसरा घोडा देऊन पहिल्याला मोकळे करता येते. दुसऱ्या पोथीत होते की, ज्याच्यासाठी बांधली त्याचा जीव त्या गाठीत असतो. तो एकदा ही वाचायचा, एकदा ती. हो लिहावे तर त्सेवेलमाचा पिवळा चेहरा समोर यायचा. नाही लिहावे तर नरमंदाख दिसायची, वाचनालयाच्या खिडकीत पाय वर घेऊन बसलेली, प्राण्यांची पुस्तके संपवून आणखी आहेत का म्हणून विचारणारी.

"म्हाताऱ्या, उत्तर लिहिलंस का?" त्सेवेलमा चूल पेटवताना विचारायची.

लिहितो आहे, असे तो म्हणायचा.

"दोन वाक्यं लिहायला तुला दोन कपाटं पुस्तकं लागतात. हो म्हण, नाहीतर नाही म्हण. मला काय, मी दोन्ही ऐकीन. पण ते कागदाचं टोक माझ्या देवाला टोचतंय."

तुला काही झाले तर, एवढे विचारायला त्याने कैकदा तोंड उघडले. दरवेळी तिने त्याच्या हातात वाटी दिली आणि त्याने चहा पिऊन टाकला.

पांढऱ्या महिन्यात, म्हणजे नव्या वर्षाच्या सणाला, पुरेव भेटायला आला. तो अभयारण्याचा पहारेकरी, पलीकडच्या उतारावर राहणारा, तोंडाचा वाचाळ आणि मनाने बरा. त्याने मांसाचे वाफवलेले मोदकासारखे गोळे बकाबका खाल्ले. त्सेवेलमाला अक्का म्हणून हाताखाली हात धरून नमस्कार केला आणि बोलता बोलता सांगितले की म्हातारा तखी गेला. घोड्यांवाचून एकटाच एका खडकाच्या आडोशाला उभा राहायचा. तिथेच उभ्या-उभ्या गोठला. लांडग्यांनाही दात लावता येईनात इतका कडक.

"गुरुजी, नरमंदाख बाई विचारत होत्या तुमच्या पत्राचं," तो जाताना म्हणाला. "मी सांगितलं, गुरुजी ग्रंथ लिहितायत, वेळ लागणारच."

गोन्चिग कसनुसे हसला. पुरेव उगीच जरा वेळ दारात रेंगाळला, काही सांगायचे असल्यासारखा खिसा चाचपला आणि मग मोटरसायकलला लाथ मारून निघून गेला.

वसंत आला तो नेहमीसारखाच, धुळीचा आणि उपाशी. जुने गवत संपलेले, नवे अजून जमिनीखाली, सावलीच्या बाजूला बर्फाचे मळके ठिगळ. एका सकाळी पुरेव गेरबाहेर उभा राहिला आणि म्हणाला, "चला गुरुजी. तुमच्या पोराचा पराक्रम बघायला."

मोटरसायकलवर मागे बसून गोन्चिग कड्यापर्यंत गेला. खाली खळग्यात तिन्ही घोड्या होत्या. एक जरा बाजूला उभी होती आणि तिच्या पायांशी शिंगरू होते, पहाटेच झालेले, अजून ओले. ते उठायचा प्रयत्न करत होते. पुढचे पाय उभे राहत, मागचे फाकत आणि ते बसकण मारत होते. घोडी त्याला नाकाने ढुशी देत होती.

तांबडा वाऱ्याच्या बाजूने आला. धावत नव्हता, चालत होता. दोन हिवाळ्यांत त्याला माणसाचा हात लागला नव्हता. मान जाड झाली होती, आयाळीचे जटांसारखे झुपके लोंबत होते आणि त्यांतून निळी फीत फडफडत होती. घोडी मध्ये उभी राहिली, उलटी फिरून तिने लाथा झाडल्या. तांबड्याने ती लाथ छातीवर घेतली, तिला खांद्याने बाजूला लोटले आणि शिंगराला मानेमागे दातांत धरून उचलले. झटकले, फडके झटकतात तसे. ते खाली पडले, तर पुन्हा उचलले. मग पुढच्या पायांनी तुडवायला लागला. शिंगराचा आवाज बारीक होता. वाऱ्यामुळे तो त्यांच्यापर्यंत तुटक तुटक येत होता आणि लवकरच यायचा थांबला.

तांबडा थोडा पुढे जाऊन जमीन खरवडून मुळे खाऊ लागला. घोडी परत आली आणि मेलेल्या शिंगराला ढुशी देऊ लागली, मघासारखीच, ऊठ म्हणून.

"गोळी घाल," गोन्चिग म्हणाला. स्वतःचा आवाज त्याला ओळखू आला नाही.

पुरेवने खांद्यावरची बंदूक काढलीसुद्धा नाही. "बंदुकीतून बघितलं की आधी फीत दिसते, गुरुजी. मग घोडा. मला घरी तीन लेकरं आहेत. गाठ तुमची, घोडा तुमचा. त्यात मला कशाला ओढता?" मग खालच्या घोड्यांकडे बघत म्हणाला, "दोघी अजून व्यायच्यात."

त्या संध्याकाळी गोन्चिगने त्सेवेलमाला सांगितले की मी फीत सोडणार. ती दूध गाळत होती. गाळून झाल्यावर म्हणाली, "पकडणार कोण? तू?" आणि खदाखदा हसली. हसता हसता उठून कोपऱ्यातले आपले जुने खोगीर बाहेर ओढले आणि त्याचे पट्टे वाकवून बघू लागली.

तिने बाकी काही विचारले नाही. तिचा जीव त्या गाठीत आहे की नाही यावर तिने एक शब्द काढला असता तर गोन्चिगचा निश्चय तिथेच गळून पडला असता. बहुधा ते तिलाही माहीत होते.

इथपर्यंत सगळे ठीक होते. पण मग गोन्चिगने पंचांग काढले. बांधताना लामाने दिवस बघून बांधली होती. सोडताना तरी निदान चूक नको. उद्याचा दिवस अग्नीचा आणि सापाचा, गाठ सोडायला वाईट. परवाचा मधला. तेरवाचा चांगला, त्यातही सकाळ. एवढ्या उशिरा का होईना, एक गोष्ट आपण नीट करतो आहोत, असे त्याला वाटले.

त्सेवेलमाने पंचांगाकडे पाहिले. "त्यात शिंगरांचा दिवस दिलाय का, बघ," ती म्हणाली.

तेरवा सकाळी ते खळग्यापाशी पोचले तेव्हा दुसरे शिंगरू मरून पडले होते, एक दिवसाचे. कावळे त्याच्या डोळ्यांवर बसले होते. तिसरी घोडी अजून जड होती आणि इतरांपासून लांब, खडकाला टेकून उभी होती.

पुरेव घोड्यावर आला होता. बंदूक पाठीला होती. लांडगे फार झालेत, असे तो म्हणाला. गोन्चिग पायीच होता, एका हातात दुधाची वाटी, दुसऱ्या हातात रानधुपाची धुमसती फांदी. त्सेवेलमा आपल्या करड्या घोडीवर बसली. बसायला तिला पुरेवचा खांदा लागला; पण बसल्यावर ती सरळ झाली. हातात लांब फासकाठी आडवी धरली आणि गोन्चिगला चाळीस वर्षांपूर्वीची बाई दिसली, जिच्याशी बोलायला त्याला अख्खा उन्हाळा लागला होता.

तांबड्याने तिला पाहिले आणि कान मागे पाडले. तो घोड्यांना हाकत पळाला नाही. उलट तिच्या करड्या घोडीकडे आला, तिलाही आपल्या कळपात ओढायला, मान जमिनीलगत धरून. त्सेवेलमाने त्याला जवळ येऊ दिले. अगदी दात दिसेपर्यंत येऊ दिले. मग करडी वळली, काठी पुढे झाली आणि फास त्याच्या कानांमागे बसला. तो उधळला. करडी त्याच्याबरोबर धावली. त्सेवेलमा खोगिराच्या मागे सरकून काठीला पीळ देत गेली, एकेक वेढा, दात आवळून, तोंडाने त्याच्या बापाचा आणि आज्याचा उद्धार करत. खळग्याच्या कडेला तांबडा थांबला. श्वास कोंडल्यामुळे त्याचे पाय थरथरत होते.

"ये आता," ती ओरडली. "दूध बघत बसू नकोस."

गोन्चिग गेला. दूध अर्धे सांडले. उरलेले त्याने तांबड्याच्या आयाळीवर ओतले, धूप फिरवला, पाठ केलेले शब्द म्हटले. मध्येच एक ओळ गळली की काय, असे वाटून पुन्हा म्हटले. गाठ घामाने आणि बर्फाने दगड झाली होती. केस तिच्यात लोकरीच्या नमद्यासारखे गुंतले होते. नखांनी सुटेना. त्याने दात लावले. तोंडात घोड्याचा खारट, कुबट वास भरला. तांबड्याचा डोळा त्याच्या डोळ्यापासून वीतभर होता, त्यात राग नव्हता, ओळखही नव्हती. वर काठी करकरत होती आणि त्सेवेलमाचा श्वास ऐकू येत होता.

गाठ सुटली. निळे फडके त्याच्या हातात आले, इतके विरलेले की ओले असूनही हलके.

"गुरुजी, जरा बाजूला व्हा," पुरेव मागून हळूच म्हणाला.

गळ्यात दोर अडकवणार असेल, असे समजून गोन्चिग अदबीने बाजूला झाला. गोळीचा आवाज खळग्यात दोनदा घुमला. तांबडा जागच्या जागी खाली गेला आणि फासात अडकलेली काठी आपल्याबरोबर घेऊन गेला. त्सेवेलमाने काठी सोडली नाही. सोडायची असते हे तिला कुणी शिकवायला नको होते, पण तिने सोडली नाही. ती खोगिरावरून उचलली गेली आणि उजव्या कुशीवर दगडांत पडली.

गोन्चिग धावला. ती डोळे उघडे ठेवून पडली होती.

"मेला?" तिने विचारले.

"मेला."

"मग मला उठव."

पुरेवने खिशातून घडी घातलेला कागद काढून पुढे केला. घोड्याला गोळी घालण्याचा हुकूम पांढऱ्या महिन्यातच आला होता, वरून, शिक्क्यासकट. तेव्हाच सांगितले असते तर तुम्ही गाठ सोडली नसती, आणि गाठ असताना मी गोळी घातली नसती, म्हणून गप्प राहिलो, असे तो खाली बघत म्हणाला. त्याच्या आवाजातली नेहमीची मस्करी गेली होती.

"ट्रक येणार होता ना," गोन्चिग म्हणाला. "नदीपलीकडे."

"येणार होता. बाईंनी थंडीभर वरच्यांना थोपवून धरलं. म्हणायच्या, थांबा, गुरुजींचं उत्तर येईल." पुरेवने कागद पुन्हा खिशात घातला. "त्या माझ्यासमोर रोज पोस्टाची पिशवी उलटी करून बघायच्या."

लाडक्या घोड्याचे डोके उंचावरच्या दगडांच्या राशीवर नेऊन ठेवतात. गोन्चिगने त्सेवेलमाकडे पाहिले. तिने मान हलवली. नको. तांबडा होता तिथेच राहिला आणि कावळे शिंगराला सोडून त्याच्याकडे आले.

चार दिवसांनी तिची उजवी कूस सुजली आणि डोळ्यांच्या कडेचा पांढरा भाग पिवळा दिसू लागला. गोन्चिगने शेजाऱ्याच्या जीपमध्ये गादी अंथरून तिला तालुक्याच्या रुग्णालयात नेले. तरुण डॉक्टरने बरगडीचे आणि यकृताचे सांगितले; पडल्यामुळे जुने उसळले असेल किंवा जुने उसळणारच होते, आता नक्की सांगता येत नाही, असे म्हणाला. फितीबद्दल त्याने काही विचारले नाही. ती गोन्चिगच्या अंगरख्याच्या आत होती. जाळावी की दुसऱ्या घोड्याला बांधावी, याबद्दल दोन पोथ्यांत दोन मते होती आणि त्याने या वेळी पोथ्या बरोबर घेतल्या नव्हत्या.

तिसऱ्या घोडीला शिंगरू झाल्याचे पुरेवने फोनवर कळवले. मादी, धडधाकट, दुसऱ्या दिवसापासून आईमागे पळते आहे. गोन्चिगने खाटेजवळ वाकून ते सांगितले.

त्सेवेलमाने डोळे मिटूनच ऐकले. "खडकाला टेकली होती ती?"

"तीच."

"एक जगलं," ती म्हणाली. त्याने तिचे पांघरूण नीट केले. त्याला वाटले झोप लागली. "पहिल्या बर्फाआधी सोडली असतीस तर तिन्ही जगली असती. तांबडासुद्धा."

ती रागाने बोलली नव्हती. हवा कशी आहे हे सांगावे तशी बोलली आणि भिंतीकडे तोंड करून झोपली.

पोस्ट रुग्णालयाच्या समोरच, रस्ता ओलांडून. गोन्चिगने एक पाकीट आणि एक कोरा कागद घेतला. खिडकीतल्या मुलीने त्याला पेन दिले आणि आजोबा, फोन करा की, असे सुचवले. फोन बायकोकडे असतो, असे तो म्हणाला. ते खरेही होते.

उभ्यानेच लिहायचे होते. क्षमा वगैरे लिहावी असे वाटले. पण नरमंदाखने मोठे उत्तर नको म्हटले होते. तारीख कुठली घालावी हे कळेना, म्हणून घातली नाही. मध्यभागी लिहिले, हो. अक्षर वाकडे आले. कागद बदलावा का, असा विचार मनात आला आणि तो तसाच राहू देऊन त्याने खाली सही केली.

पाकीट पेटीत टाकून तो बाहेर आला. धुळीच्या वाऱ्यात टोपी हाताने दाबून धरली आणि रस्ता ओलांडू लागला. रुग्णालयात सूप वाढायची वेळ झाली होती आणि दुसऱ्या कुणाच्या हातून त्सेवेलमा खात नसे.